पांढरं दिसलं की ढग

ता. ४ फेब्रुवारी

चि. भिंगरी हिला आजीचे आशीर्वाद. गोड बोलणं उरलं तर शेवटी लिहीन.

काल दोन माणसं आपल्या वाळवणाच्या मैदानात खुंट्या ठोकून गेली. दवाखान्याच्या ओल्या चादरींची गाठोडी डोक्यावर घेऊन आम्ही बायका तिथेच उभ्या. हे काय, विचारलं, तर म्हणाले इथे उन्हावरची वीज होणार, नकाशात ही जागा रिकामी लिहिली आहे. मी म्हटलं, मग आम्ही काय भुतं आहोत का? नकाशा कुणाचा, तर नाव निघालं तुझ्या ऑफिसचं.

जगभरात कुठे किती ऊन पडतं ते मोजायला बसलीस, चांगलं आहे. पण ज्या चादरी धुऊन तुला शिकवलं, त्यांच्याच जागेवर नांगर फिरवलास? मैदान गेलं की चादरी वाळायच्या नाहीत, दवाखाना काम दुसऱ्याला देईल आणि आमच्या चुली थंड. तुझी आई म्हणते, जाऊ द्या, पोर लहान आहे. लहान कसली, घोडी झाली.

उत्तर लगेच हवं. वर दिलेले आशीर्वाद तूर्त परत घेत नाही.

आजी

ता. ११ फेब्रुवारी

ती. आजीस, सा. न. वि. वि.

तुझं पत्र मिळालं. नकाशावर ‘रिकामी जागा’ ही खूण मीच केली. आकाशातून काढलेल्या फोटोंवरून आम्ही भरपूर उन्हाच्या, मोकळ्या जागा शोधतो. आपल्या मैदानात जाड चादरही जेवणाआधी कडकडीत वाळते, हे मला पाठ. म्हणून आमचा हिशेब बरोबर येतो का हे पाहायला मी पहिलं तेच मैदान घेतलं. ऊन बरोबर निघालं. साहेबांना कौतुकाने दाखवलंही.

ते रिकामं का दिसलं, हे मात्र आज कळलं. फोटोत पांढरं दिसलं की यंत्र त्याला ढग समजतं आणि तो फोटो बाद करतं. तुमच्या चादरींचे सगळे दिवस ढग म्हणून गेले. उरले फक्त तुमच्या सुट्टीचे. साहेब म्हणतात, फोटोत वापर दिसल्याशिवाय खूण काढता येणार नाही. मी भांडते आहे. तू तेवढ्या खुंट्या उपटू नकोस.

रागाव, पण माया पातळ करू नकोस.

भिंगरी

ता. १९ फेब्रुवारी

चि. भिंगरी हिला आ.

खुंट्या उपटल्या नाहीत. त्यांना दोऱ्या बांधून उशांचे अभ्रे वाळत घातलेत.

तुझं पत्र सगळ्यांना वाचून दाखवलं. तुझी आत्या हसून हसून खाली बसली. मला नाही हसू आलं. जन्मभर ढग आला की आम्ही चादरी उचलून पळालो, आणि तुमच्या यंत्राने आम्हालाच ढग ठरवून हाकललं. बरं, यंत्राला अक्कल नाही. तुला होती ना? त्याच चादरींखाली लपून माझा जीव खायचीस. रिकामं लिहिताना हात जरा अडखळायचा तरी.

दवाखान्याच्या कोठारात लाल ब्लँकेटं धूळ खात पडली होती. तिथल्या मोठ्या नर्सबाईंशी भांडून सगळी धुवायला आणली. उद्यापासून मैदानभर लाल पसरणार, रोज, ओलं असो की सुकं. तुझ्या साहेबाला म्हणावं, काढ आता फोटो. आणि भरदुपारी लाल ढग कुठल्या मुलखात येतात, तेही विचारून ठेव.

खूण निघाली की घरी ये, पोटभर वाढीन. नाही निघाली तर आधी ये. दुसरं मैदान शोधत फिरावं लागेल, आणि गाठोडी जड असतात.

आजी