हिरव्या काठाची चटई

२ नोव्हेंबर, रविवार
इथे सुट्टी शुक्रवार-शनिवारची, त्यामुळे रविवारी सातच्या आत घर रिकामं. अनि रिफायनरीत, सून सेला दवाखान्यात (फिजिओ आहे ती), नात रेवा शाळेच्या बसमध्ये. उरले मी आणि एसी. गॅलरीतून खाली पाणी दिसतं, पण ते समुद्रासारखं वागत नाही. लाट नाही, वास नाही. आखातातलं हे अमवाज बेटच मुळी वाळू ओतून केलेलं. तीस वर्षं चिपळुणात भूगोल शिकवला, बेटांचे प्रकार पोरांकडून घोकून घेतले. हा प्रकार त्यात नव्हता.

अनिने काल परत विचारलं. "आई, तिकीट चौदा डिसेंबरचं आहे. व्हिजा वाढवायचा का ते महिनाअखेर सांग." सांगते म्हटलं. पण काय सांगणार? तिकडे कुलूपबंद फ्लॅट, इकडे दिवसभर बोलायला कोणी नाही. आपण इथे हवे आहोत की नुसते ठेवून घेतलेले, एवढं कळलं तरी पुरे. असं कोणाला विचारता येत नाही.

दत्तजयंतीला ह्यांना जाऊन वर्ष होईल. श्राद्ध इथेच करायचं ठरलंय.

५ नोव्हेंबर
रेवाच्या शाळेत पुढच्या आठवड्यात हेरिटेज डे. प्रत्येकाने आपल्या देशाचा पोशाख घालून जायचं. मी चिपळूणहून तिच्या मापाची नऊवारी शिवून आणली आहे, ती काढणार तोच, "आजी, आय ॲम गोइंग ॲज टोंगा. नोबडी नोज व्हेअर इट इज."
छान, म्हटलं. नऊवारी परत बॅगेत.

खोटं कशाला, लागलं मनाला. आईचा देश निवडला तिने, त्यात वावगं काही नाही. तरी लागलं.

दुपारी तिच्या ॲटलासात टोंगा शोधलं. माशी बसल्यासारखे चार ठिपके. टोंगा गर्ता मी दरवर्षी शिकवायचे, जगातली दुसरी खोल. तिच्या काठावर माणसं राहतात, स्वयंपाक करतात, आणि त्यांच्यातली एक ऑकलंडला शिकायला जाऊन आपल्या घरात सून म्हणून येणार, हे कधी डोक्यातही आलं नाही.

७ नोव्हेंबर, शुक्रवार
सगळे घरी. सेलाला तिच्या बेटांबद्दल विचारलं, सुरुवातीला बिचकत. तिच्याशी माझं बोलणं बँकेतल्यासारखं. गुड मॉर्निंग, टी, थँक्यू. आज मात्र तिने टेबलावर मीठ सांडून नकाशाच केला. बेटांच्या दोन रांगा. पश्चिमेची ज्वालामुखीची, पूर्वेची प्रवाळाची. मोठ्या बेटावर डोंगर म्हणून नाही, सपाट. राजा अजून आहे. रविवारी सगळं बंद, दोरीवर कपडेसुद्धा वाळत घालत नाहीत, आणि इथे ती रविवारी कामावर जाते, ते तिला अजून टोचतं. इथल्यापेक्षा तिकडे दहा तास पुढे. मागे समुद्रातला ज्वालामुखी उसळला तेव्हा फोनची केबल तुटली आणि कितीतरी दिवस तिच्या आजीचा पत्ता लागला नाही. राख परसातल्या अळूवर बसली होती, एवढं मागाहून कळलं.
"अळू?" मी म्हटलं. तिने फोनवर फोटो दाखवला. अळूच. त्यात नारळाचं दूध घालून शिजवतात.

ती आजी गेल्या वर्षी गेली. सेला जाऊ शकली नव्हती. तेव्हाच ह्यांचं दुखणं चालू होतं आणि अनि चिपळुणात होता. मला ही गोष्ट आज कळली.

रेवासाठी हाताने नकाशा काढला, रेखावृत्तं आखून. "आजी, टीचर वॉन्ट्स प्रिंटेड." बरं.

११ नोव्हेंबर
सेलाने काल कपाटातून वेताच्या पेटीतलं सामान काढलं. रेवासाठी कमरेला बांधायची विणलेली चटई, पांढरीशुभ्र, तिला ताओवाला म्हणतात. रेवा आरशासमोर गिरक्या घेत होती. पेटीच्या तळाशी आणखी एक होती. मोठी, काळपट, कडांच्या चिंध्या लोंबणारी. सेलाने ती बाहेर काढून खुर्चीवर ठेवली आणि हात फिरवून तशीच ठेवून कामाला गेली.

आज सकाळी ती हातात घेतली. पातीचा पोत बघून ओळखलं, हा आपला केवडाच. गुहागरच्या किनाऱ्यावर बन आहे त्याचं, काटे काढायला जीव खातो. इतक्या लांबून आलेली वस्तू आणि आपल्या ओळखीची निघाली. फार बरं वाटलं. ही पोर कामावरून दमून येते, हिला दुरुस्तीला वेळ कुठला? म्हटलं, एवढं तरी करू.

माझ्या जुन्या इरकलीचा हिरवा काठ उसवला. चटईच्या लोंबणाऱ्या दशा आत दुमडल्या, फार लांब होत्या त्या चार-पाच कापल्या, आणि चारही बाजूंनी काठ बसवला, आई चटयांना गोट लावायची तसा. दुपारचं जेवण विसरले. सुई टोचली दोनदा. संध्याकाळी बघितली तर नवी दिसत होती. खूप दिवसांनी दिवस कसा गेला ते कळलं नाही.

खुर्चीवर घडी घालून ठेवली आहे. सेलाला आज उशीर.

१२ नोव्हेंबर
काय लिहू.

सेला सकाळी रेवाच्या खोलीत गेली. बाहेर आली ती चटई छातीशी धरून. ओरडली असती तर बरं झालं असतं. काठ उलटून बघितला. मग म्हणाली, "आई, व्हेअर आर द पीसेस?" कापलेल्या दशा मी कचऱ्यात टाकल्या होत्या. कचरा रात्रीच खाली गेला होता. ती चपला न घालता खाली गेली आणि हात हलवत परत आली.

अनि मला बाजूला घेऊन म्हणाला, "तिच्या आजीची आहे ती. सुतकात नेसायची. फाटकीच असायला हवी असते." मला वाटलं, तिला छान वाटेल, म्हटलं. "विचारायचं तरी होतं, आई." एवढंच बोलला आणि कामाला गेला.

दिवसभर गॅलरीत बसले. बी.पी.ची गोळी घेतली का नाही आठवत नाही. तिकीट चौदाचं आहे तेच ठीक.

१३ नोव्हेंबर
हेरिटेज डे. रेवा पांढरी चटई बांधून गेली. मला बोलावलं होतं, डोकं दुखतंय सांगितलं. फोटो आले मोबाइलवर. सेला हसतेय फोटोत. मी असते तर कदाचित हसली नसती.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार
सेलाच्या दाराशी गेले, म्हटलं, उसवून देते. माझं इंग्रजी ऐनवेळी पळून जातं. "आय ओपन. ऑल थ्रेड." ती म्हणाली, बसा. दोघी पलंगावर बसलो, मधे चटई, दोन कात्र्या. एकेक टाका काढत गेलो.

मग ती सांगायला लागली, हळूहळू, मला समजेल असं. चटई नेसणं म्हणजे मान देणं. लग्नाला, चर्चला चांगली नेसतात. पण घरचं माणूस गेलं की जुनी, फाटकी. जितकं नातं जवळचं, तितकी चटई मोठी आणि तितकी फाटकी. कमरेपासून पार डोक्यापर्यंत येते कधी. कोणाचं काय गेलंय हे रस्त्यावरून जाणाऱ्यालाही दिसलं पाहिजे. आजीने ती तिच्या आईसाठी नेसली, नवऱ्यासाठी नेसली. दर वेळी थोडी आणखी फाटली.
"न्यू मॅट फॉर बिग सॉरो इज शेमफुल," म्हणाली.

मला ह्यांचे दिवस आठवले. तेराव्याला धुतलेली साडी, विंचरलेले केस, आणि येणारा जाणारा म्हणत होता, बाई, किती छान सावरलंत. मला तेव्हा सावरायचं नव्हतं. पण फाटकं कोणाला दाखवायचं आमच्याकडे? मी चहा करत राहिले सगळ्यांना.
हे तिला सांगितलं नाही. इंग्रजीत येत नाही आणि मराठीतही कधी कोणाला सांगितलं नाही.

तीन बाजू उसवून झाल्या. चौथीला हात घातला तर तिने माझी कात्री काढून घेतली. "राहू दे," म्हणाली. हे मराठीत. चटई घडी करून पेटीत ठेवून दिली. माफ केलं की कंटाळली, समजलं नाही.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार
अनिने आली नावाच्या गावी नेलं, जुन्या राजेरजवाड्यांच्या थडग्यांचे ढिगारे बघायला. चार हजार वर्षांपूर्वीचे म्हणे, आणि त्यांना लागून घरं, पार्किंग, मातीच्या मडक्यांची दुकानं. सेला एका ढिगाऱ्यासमोर बराच वेळ उभी होती. त्यांच्याकडेही राजांची अशीच थडगी आहेत म्हणाली, प्रवाळाच्या दगडांच्या पायऱ्यांची. लहानपणी त्यावर चढल्याबद्दल आजीचा मार खाल्ला होता. मी म्हटलं, आमच्याकडे राख नदीत सोडतात, बघायला जायला काही उरत नाही. ती माझ्याकडे बघत राहिली.

३० नोव्हेंबर, रविवार
महिना संपला. अनिने विचारलं नाही, मी सांगितलं नाही.

श्राद्धासाठी अळू हवं. उम्म अल हस्सम भागातल्या कादिरभाईंच्या भाजीच्या दुकानात फोन केला. कादिरभाई दापोलीचे, मी शिक्षिका होते कळल्यापासून बाई म्हणतात. "बाई, अळू आज मफी, संपलं. फिलिपिनो बाया सकाळीच उचलून नेतात. गुरुवारी बघू, इंशाल्ला." म्हटलं, गुरुवारीच तर हवं सकाळी. "मग काय, पालकाचं करा. वरच्याला कळतंय काय हाल आहेत ते." माणूस चांगला आहे, पण पालकाचं श्राद्ध ह्यांना चाललं नसतं. मीठ कमी पडलं तरी ताट सरकवायचे.

४ डिसेंबर, गुरुवार
सगळं आजच लिहून ठेवते.

पहाटे स्वयंपाकघरात गेले तर ओट्यावर अळूची जुडी, ओल्या फडक्यात. सेलाने काल कामावरून सुटल्यावर कुठल्याशा फिलिपिनो दुकानातून आणली होती, कोणाला न सांगता. वडे, खीर, अळू, आमसुलाची चटणी. अनिने रजा घेतली. ह्यांच्या फोटोला हार. गॅलरीत पान ठेवलं. कावळा कुठला यायला, साळुंक्या आल्या. चालवून घ्या, म्हटलं.

नमस्काराला सगळे जमले आणि सेला खोलीतून आली. काळे कपडे, केस मोकळे, आणि अंगावर ती चटई, काखेपासून घोट्यापर्यंत, काथ्याने बांधलेली. तीन बाजूंनी चिंध्या आणि एका बाजूला माझा हिरवा काठ. रेवा म्हणाली, "मम्मा, फॉर आजोबा?" सेलाने मान हलवली. ह्यांना ती दोनदाच भेटली होती.

फोटोसमोर बसली. उठली. मग काथ्या सोडला आणि चटई माझ्या अंगाला गुंडाळायला लागली. मी म्हटलं, अगं, ही तुझ्या आजीची. "युवर हजबंड, आई. यू शुड हॅव वोर्न इट फर्स्ट." गाठ मारली तिने, घट्ट. नेसलेली चांगली साडी सगळी झाकली गेली.

मग मी रडले. वर्षभरात पहिल्यांदा असं, आवाज करून. अनि घाबरला, पाणी आणायला धावला. सेलाने त्याला हाताने थांबवलं. रेवा येऊन माझ्या चिंध्या धरून बसली. कोणी मला सावर म्हणालं नाही.

५ डिसेंबर, शुक्रवार
रात्री चटई सोडून घडी केली. केवड्याचा वास गेलेला आहे, नुसता पेटीचा येतो. सकाळी परत द्यायला गेले तर सेलाने घेतली नाही. किती दिवस नेसतात म्हणून विचारलं. म्हणाली, बायकोने वर्षभर. तुमचं आत्ता सुरू झालं.

अनि चहा पिता पिता म्हणाला, "आई, तिकिटाचं काय?" रेवा माझ्याकडे बघत होती. सेला भांडी घासत होती, तिने नळ बंद केला.

चौदा तारखेला चटई बांधून विमानात कशी बसणार, म्हटलं. अनिला काही कळलं नाही. नळ बराच वेळ बंदच होता.