हेडमास्तर मागच्या जाळीपाशी कुणाची वाट बघतात?

मंगळवार, दुपार

धाकटे,

थोरलीचे तुला दोन्ही हातांनी आशीर्वाद, आणि भावोजींना एका हाताने, कारण दुसऱ्या हातात पेन आहे. तुझे गुडघे काय म्हणतात? भावोजींचा खोकला गेला का, की अजून चोरून सिगारेट ओढतात आणि दोष हवेला देतात? मी इथं नातीकडे अगदी खुशाल आहे. तीन आठवडे कसे गेले कळलं नाही. अक्षर वाकडं आहे ते चालवून घे. शाळा मी तिसरीत सोडली आणि का सोडली ते तुला ठाऊक आहे. हेडमास्तर नुसते व्हरांड्यातून गेले तरी मला शाळेमागच्या भिंतीवरून उडी मारून घरी यावंसं वाटायचं, आणि एकदा मारलीच. आता म्हातारपणी रोज दुपारी मी आपल्या पायांनी हेडमास्तरांसमोर जाऊन उभी राहते, याला काय म्हणावं!

हे हेडमास्तर म्हणजे वाघ. घाबरू नकोस, मध्ये जाळी आहे. सर्कशीत पेटत्या कड्यातून उड्या मारून म्हातारे झालेले, वरचा एक सुळा नसलेले, आणि चालतात असे की आता कुणाला तरी बाकावर उभं करणार. नाव कर्मचाऱ्यांनीच ठेवलंय. (मला एकेरी म्हणायला जीभ रेटत नाही.) आपली छोटी त्यांचीच देखभाल करते. तू तिला बघायला हवं होतंस गं. गुडघ्यापर्यंत रबरी बूट, कमरेला किल्ली, गळ्यात शिट्टी. लहानपणी मांजर अंगावर आलं की माझ्या पदरात शिरणारी ही पोर, आता वाघाला म्हणते, "चला, आत व्हा," आणि ते होतात. मला इतका आनंद होतो की बघता बघता डोळ्यांना पाणी येतं आणि मग पुढचं दिसत नाही. तिची सहा महिन्यांची उमेदवारी संपायला दहा दिवस राहिलेत. मग ती कायमची होणार. निदान होणार होती. आता ऐक, इथं कुठंतरी पाणी मुरतंय.

ही जागा सरकारी नव्हे, एका मालकाची आहे. सर्कशीतून काढलेली, हौशी श्रीमंतांनी घरात पाळून नकोशी झालेली, अशी अकरा जनावरं त्यांनी आणून ठेवलीत. (एक सिंहीण तर सोफ्यावर वाढलीय. तिला गवतावर पाय ठेवायची किळस येते, फळीवरच बसते.) मालक हळू बोलतात. इतकं हळू बोलणारा माणूस मनात काय ठेवतो, असं मला पहिल्या दिवशीच वाटलं. मुकादम तर बोलतच नाही, सगळं वहीत लिहितो. आणि कुलपं बघ. प्रत्येक पिंजऱ्याला दोन कुलपं, दोन किल्ल्या, त्या दोन माणसांकडे, आणि दोघांनी एकमेकांना ओरडून सांगायचं, "माझं लागलं!" "माझंही लागलं!" मी छोटीला विचारलं, तुमचा एकमेकांवर इतका अविश्वास का? ती म्हणाली, "आजी, विश्वासावर वाघ थांबत नाही." उत्तर चांगलं होतं, पण माझी शंका गेली नाही.

मग सोमवार आला. सोमवारी इथं एकाही जनावराला खायला देत नाहीत. का, तर म्हणे रानात वाघाला रोज कुठं मिळतं, पोटाला सुट्टी हवी. मी म्हटलं, रानात वाघाला कुलूपही नसतं, ते बरं लावता! सोमवारचं मांस जातं कुठं? मुकादमाची ढेरी बघ आणि तूच सांग. (छोटी म्हणते त्याला पोटाचा विकार आहे आणि तो अंडंही खात नाही. असं प्रत्येक जणच सांगतो.) त्यात जनावरांची डॉक्टरीणबाई. ती मांसात चीर पाडून पांढरी पूड भरते. सांधेदुखीचं औषध म्हणे. असेल, मीही घेते, पण माझ्या भाजीत कुणी लपवून घालत नाही. आणि दर गुरुवारी ती हेडमास्तरांची विष्ठा चमच्याने छोट्या डबीत भरते, वर तारीख घालते आणि पर्समध्ये ठेवून घरी नेते. धाकटे, मी सत्तरी गाठली, पुष्कळ विचित्र बायका पाहिल्या, पण हे नवीन.

तर मुख्य गोष्ट. इथली रीत अशी की चार वाजता घंटा वाजते, जनावर आपणहून आतल्या खोलीत येतं, तिथं मांस ठेवलेलं असतं, आणि मागून लोखंडी दार खाली सरकतं. दोन्ही कुलपं लागली की मगच माणसं बाहेरच्या मोकळ्या जागेत जाऊन पाणी बदलतात, जाळी तपासतात. जनावर आत नाही तर माणूस बाहेर नाही, यात मालकांचीही गय नाही. आणि आठ दिवस झाले, हेडमास्तर आत येत नाहीत! घंटा झाली की दारापर्यंत येतात, पुढचं अर्धं अंग आत घालतात, मागचं अर्धं बाहेर ठेवतात, मांस तोंडात धरून ओढतात आणि चालले परत. अर्ध्या वाघावर दार कसं सोडणार? आणि जातात कुठं, तर थेट मागच्या जाळीपाशी, आणि तिथं बसून पाऊलवाटेकडे टक लावून बघत राहतात. कुणाची वाट बघतात कोण जाणे.

त्यात परवा वारा सुटला आणि त्या मोकळ्या जागेतल्या झाडाची मोठी फांदी मोडून जाळीवर कलंडली. रोज थोडी थोडी खाली येतेय. ती पुरती कोसळली तर जाळी वाकेल, आणि मग हेडमास्तर व्हरांड्यात यायचे. फांदी कापायची तर मोकळ्या जागेत जायला हवं, तिथं जायचं तर ते खोलीत यायला हवेत. बेशुद्ध करावं तर डॉक्टरीणबाई म्हणते, या वयात भूल झेपेल याची खात्री नाही. मालकांनी काल सगळ्यांना उभं केलं आणि त्या हळू आवाजात म्हणाले की कुणीतरी त्याला अवेळी बाहेरून खायला घालतंय, आणि ज्याने घातलं तो इथं राहणार नाही. बोलताना बघत होते आपल्या छोटीकडे! कारण देखभाल तिची. पोरीचं तोंड एवढंसं झालं. काल जेवली नाही. मी रात्री भात घेऊन बसले तर म्हणाली, "आजी, तू तरी संशय घेऊ नकोस." मी कशाला तिच्यावर घेऊ? माझा मुकादमावर आहे, डॉक्टरीणबाईवर आहे, आणि मालकांवर तर आहेच. आज त्यांनी मागच्या वाटेवर कॅमेरा बसवलाय. पहिल्याच दिवशी मी त्याला पाठ करून उभी राहिले. आपल्याच माणसांवर पहारा ठेवणारा माणूस कसला असेल?

बाकी सगळं क्षेम. तुझा गुडघा दुखला की मोहरीच्या तेलाने चोळ, पण वरून खाली, उलटं नको. भावोजींच्या खिशात बघत जा.

तुझी,
थोरली

ता. क. पत्र उद्या मांसाच्या गाडीवाल्याच्या हाती देते. त्याची वाट तुझ्या दारावरून जाते. पत्र मिळताच तू आजारी पड. गुडघा नको, तो रोजचाच आहे. काहीतरी असं काढ की मला शुक्रवारच्या आत निघावं लागेल. शनिवारी सगळे मिळून कॅमेऱ्यातलं बघणार आहेत. आणि पाठ केली तरी माझी साडी इथं सगळ्यांना ओळखू येते.

ता. क. दुसरा. तुझ्यापासून काय लपवायचं. पहिला सोमवार मला बघवला नाही गं. सुळा नाही, सांधे धरलेले, आणि वर उपाशी. आपण दोघींनी जोडीने घेतलेले ते गोल डबे आठवतात? सैल झाकणाचे? माझ्या ताटातली कोंबडी त्यातून न्यायला लागले. हाडं काढून, बरं का! मी चार पोरं वाढवलीत, शिजलेलं हाड टोचतं हे मला डॉक्टरीणबाईने शिकवायला नको. जाळीपासून दोन पावलांवर पिवळी रेघ आहे, ती मी ओलांडली नाही. रेघेवर उभी राहून फेकायचे. दहांतले सात तुकडे आत जायचे, तीन कावळे न्यायचे. सोमवारपुरतंच ठरवलं होतं, पण मंगळवारीही ते येऊन बसले. मग बुधवारी न जाऊन कसं चालेल? मला काय ठाऊक त्या चार तुकड्यांपायी पोरीच्या नोकरीवर येईल. तर तू नक्की आजारी पड.

ता. क. तिसरा, बुधवार. गाडी आज आली नाही (का आली नाही, हाही विचार करण्यासारखा प्रश्न आहे), म्हणून पत्र अजून माझ्याकडेच. आजारी पडू नकोस. सकाळी छोटी बूट धुवून पिशवीत भरत होती. मी विचारलं काय हे, तर म्हणाली की मालकांना तिने सांगून टाकलं, "मीच घालत होते." का सांगितलंस गं, म्हटलं. ती म्हणाली, "तुझ्या डब्याला कोंबडीचा वास येतो, आजी. मला चार दिवसांपासून माहीत आहे."

मी डबा उचलला आणि तडक मालकांच्या खोलीत गेले. भिंतीवरून उडी मारायला या वेळी भिंत नव्हती. सगळं सांगितलं, रेघेसकट, कावळ्यांसकट. त्यांनी झाकण उघडून वास घेतला. मग विचारलं, "आजी, तुम्ही त्याला बोलवायच्या कशा?" मी म्हटलं, बोलवत नव्हते, झाकण वाजवायचे. ते उठले, मला आतल्या खोलीच्या बाहेर, गजांपासून लांब उभं केलं आणि म्हणाले, वाजवा. मी तीनदा वाजवलं. आणि धाकटे, हेडमास्तर आले! मागच्या जाळीपासून, डोक्यापासून शेपटापर्यंत अख्खे आत आले आणि तास सुरू होणार असल्यासारखे बसले. दार खाली सरकलं. "माझं लागलं!" "माझंही लागलं!" ते ओरडणं ऐकून मला जेवढं बरं वाटलं तेवढं माझ्या चारही बाळंतपणांत सुटका झाल्यावरही वाटलं नव्हतं. तासाभरात फांदी कापून झाली.

मग मालकांनी मला अर्धा तास झापलं. हळू आवाजातच, पण असं की मला पुन्हा तिसरीत बसल्यासारखं वाटलं. त्यांनी विचारलं, तुमचा हात जाळीत गेला असता तर छोटीने पुढे काय करायचं होतं? मी डबा त्यांच्या टेबलावर ठेवून दिला. मागची वाट मला बंद. छोटीची नोकरी राहिली, पण खोटं बोलली म्हणून उमेदवारी महिनाभर वाढवली. ती म्हणते ठीक आहे. मला मात्र संशय आहे की मालक मनातून आमच्यावर खूश आहेत.

ता. क. शेवटचा, आणि पत्र लिहायला बसले ते खरं यासाठीच असं समज. माझा डबा आता संस्थेचा झाला. घंटेशेजारी खिळ्याला टांगलाय, मुकादमाने त्यावर लाल रंगाने आकडा घातलाय, आणि चार वाजता छोटी तो वाजवते. माझ्या गोळ्या ठेवायला काही राहिलं नाही. तेव्हा तुझा जोडीचा डबा गाडीवाल्याच्या हाती पाठव. पण धुवून, पुसून आणि रिकामाच पाठव. नाहीतर इथं आधी माझ्यावर संशय येईल.