गाणाऱ्या सुलतानाचे नाव फळ्यावर लिहायचे राहून गेल्याबाबत

प्रति,
मा. स्पर्धाप्रमुख साहेब,
तालुका बालज्ञान स्पर्धा, दौंड.

विषय : कु. हर्षदा संपत झगडे, इयत्ता सातवी, हिला प्रश्न क्र. १७ चा निदान एक गुण मिळणेबाबत.
संदर्भ : दि. २०/१/२००१ ची लेखी परीक्षा.

महोदय,

कामाच्या गडबडीत आहात, तरी खुर्ची जरा पुढे ओढून घ्यावी. गोष्ट लहान आहे आणि चूक पोरीची नाही, एवढे ऐकून घ्यावे.

१) अर्जदार कोंडिबा म्हस्कू कोळपे (वस्तीवर सगळे आप्पा म्हणतात) हे राहूजवळील बोरमळा वस्तीवर राहतात. देवळाच्या भिंतीवरील फळ्यावर रोज ज्ञानाची एक ओळ लिहिण्याचे काम ते नऊ वर्षे विनामोबदला करीत आहेत. त्यांना कीर्तनाचा नाद आहे, हे प्रथमच कबूल करणे बरे.

२) दि. १५ रोजी लिहायची ओळ पुस्तकात अशी होती : ‘विजापूरच्या दुसऱ्या इब्राहिम आदिलशहास जगद्गुरू म्हणत.’ अर्जदारांना ती फार कोरडी वाटली. बुवा कीर्तनात असे कधी सांगत नाहीत. आधी गुण सांगतात, श्रोत्याला ओढ लावतात आणि मग नाव घेतात. म्हणून अर्जदारांनी दोनदा पुसून तिसऱ्यांदा लिहिले : ‘एक सुलतान होऊन गेला. धर्माने मुसलमान, पण सरस्वतीला आणि गणपतीला वंदून गाणी रचायचा. तंबोऱ्यावर इतका जीव, की त्यालाही नाव ठेवलेले. लोक त्याला जगद्गुरू म्हणत. तो कोण? नाव उद्या.’

३) दुसऱ्या दिवशी अर्जदार एका कीर्तनापुरते वरवंडला सप्ताहाला गेले. बुवांचा आवाज असा लागला होता, की एकाचे सात दिवस झाले.

४) आमच्या वस्तीची रीत अशी, की एकाने लावलेले आख्यान दुसऱ्याने पुरे करायचे नाही. दूधवाल्या मारुतरावांनी खाली खडूने ‘अकबर’ लिहिले, ते बायांनी पुसून टाकले. गुरुजींना नाव ठाऊक होते. हर्षदाने विचारलेही. ते म्हणाले, “आप्पा येऊ देत. त्यांचं आख्यान मी कशाला मोडू?” मंगळवारी अर्जदार परतले, तेव्हा हर्षदाची आई सिंधूबाई शेवंतीची पाटी डोक्यावर घेऊन वाटेतच उभ्या होत्या. म्हणाल्या, “आप्पा, तुमचा राजा आठ दिस बिननावाचा उभा हाय. आन् परीक्षा तर शनवारीच झाली.”

५) प्रश्न क्र. १७ नेमका तोच होता : जगद्गुरू म्हणून ओळखला जाणारा विजापूरचा सुलतान कोण? हर्षदाने लिहिले : ‘तो सरस्वतीला वंदन करी, गाणी रची, तंबोरा वाजवी. नाव आप्पांनी अजून सांगितलेले नाही.’ नियमाने शून्य मिळाले, त्याबद्दल तक्रार नाही. परंतु शेजारच्या बाकावरील मुलाने अकबर लिहिले, त्यालाही शून्यच मिळाले. मारुतरावसुद्धा म्हणाले, “ठोकून देणारा आन् खरं सांगणारी एकाच मापात व्हय?” अकबर हे मूळ त्यांचेच, तरी म्हणाले.

६) पुण्याच्या फेरीसाठी दोन मुले निवडली. हर्षदा एका गुणाने तिसरी राहिली. तिने आजवर पुणे पाहिलेले नाही. तिला म्हटले, “अगं, अंदाजानं काहीतरी लिहायचं.” म्हणाली, “न्हाई ठाऊक तर न्हाई, आप्पा. खोटं कसं लिहू?” अर्जदारांना त्या दिवशी जेवण गेले नाही.

७) सबब विनंती, की दोन गुणांच्या प्रश्नातील जेवढे तिने बरोबर लिहिले, त्याचा एक गुण द्यावा. नाव न लिहिल्याचा दुसरा गुण अर्जदारांच्या नावावर शून्य म्हणून मांडावा. त्यासाठी वय वर्षे अठ्ठावन्न असूनही ते बाकावर बसून परीक्षा देण्यास तयार आहेत. मुले तीन झाल्याने पुण्याला नेणाऱ्या जीपमध्ये जागा नसेल, तर अर्जदार तिला स्वखर्चाने एसटीने आणतील. शिक्षा म्हणून ते एक महिना कीर्तनाला जाणार नाहीत. हे लिहिताना हात थांबला, तरी पंधरा दिवस करावे.

८) या अर्जाची हर्षदाला खबर नाही. ती निकाल मान्य करून घरी शेवंती तोडते आहे. गुण देणे आपल्या हाती नसेल, तर तसे कळवावे, अर्जदार पुन्हा त्रास देणार नाहीत. मात्र पुण्याची यादी लिहिताना एवढे करावे : ठाऊक नव्हते, ते ‘ठाऊक नाही’ म्हणून लिहिणारी एक पोर बोरमळ्यावर आहे, तिला ध्यानात ठेवावे.

आपला नम्र आणि या प्रकरणी सर्वस्वी दोषी,
(सही) कोंडिबा म्हस्कू कोळपे
बोरमळा, राहू, ता. दौंड, जि. पुणे
दि. २५/१/२००१

सोबत : १) हर्षदाने आठवून लिहिलेले उत्तर, तिच्याच अक्षरात. २) फळ्यावरील मजकुराची नक्कल, आता नावासह.