माझ्याच चित्रपटात मला काम नाही

तीर्थस्वरूप वहिनींना साष्टांग नमस्कार.

(साष्टांग कागदावरच. प्रत्यक्षात सध्या वाकले तर उठवायला दोन माणसं लागतील.) तुमची मान कशी आहे? मालिकेचे भाग लिहून लिहून ती आखडत असेल आणि दादा पलंगावर लोळत ‘अगं, जरा फिरून ये’ म्हणत असेल. त्याला म्हणावं, तूही फीर.

तुमच्या मालिकेत इतकी वर्षं सोशिक सून म्हणून रडले. मग एके दिवशी, आता स्वतःच चित्रपट काढते आणि त्यात मनासारखी भूमिका करते, असं ऐटीत सांगून बाहेर पडले. तुम्ही तेव्हा नुसत्या हसलात. त्या हसण्याचा अर्थ आता कळतोय. निर्माती म्हणजे सेटवर ज्याचं कुणी नाही त्याची ती. संडासाची कडी निघाली, ताईंना सांगा. हीरोची खुर्ची डुगडुगते, ताईंना सांगा. शूटिंगचा फ्लॅट चौथ्या मजल्यावर आणि लिफ्टनं मान टाकलेली, तेव्हा मी दिवसभर जिन्यातच असते.

आणि भूमिका? ती गेली. दिग्दर्शक मीच शोधून आणला. (दाढीवाला आहे आणि हळू बोलतो, त्यामुळे हुशार वाटतो. दुर्दैवानं तो हुशार आहेच.) प्रसंग साधा. मुलगी घर सोडून गेली आहे आणि आई तिच्या कपड्यांच्या घड्या घालते आहे. तो म्हणाला, “ताई, काहीच करू नका.” आता वहिनी, आपल्याकडे नुसतं दार वाजलं तरी मी तीनदा मान वळवायची आणि मागून धाडधाड संगीत यायचं. ते अंगात मुरलंय. घडी घालता घालता माझी भुवई आपण होऊन वर गेली आणि मी संगीताची वाट बघत बसले. सगळं युनिट माझ्याकडे बघत बसलं. संध्याकाळी त्यानं मला जिन्यात गाठून, फार अदबीनं, माझ्याच चित्रपटातून काढून टाकलं. त्याला घरी पाठवणं माझ्या हातात होतं. पण दुसऱ्या बाईनं त्याच घड्या घातल्या आणि मला रडू फुटलं, तेही ग्लिसरीनशिवाय. मग कुठल्या तोंडानं भांडणार?

कालची गंमत ऐका. ऐन शॉटच्या वेळी खालच्या मजल्यावर कुणीतरी भिंतीला ड्रिल लावलं. अर्थात ताईच खाली गेल्या. दार उघडणाऱ्या काकूंनी मला ओळखलं, माझे हात धरले आणि सासू अजून छळते का म्हणून विचारलं. ड्रिल बंद करू म्हणाल्या, पण आधी ते मान वळवणं करून दाखव. मी त्यांच्या ओट्यापाशी उभी राहून तीनदा मान वळवली. काकूंनी पदर डोळ्यांना लावला, मिस्त्रीनंही ड्रिल खाली ठेवलं. वर शॉट छान झाला म्हणे. खोटं कशाला सांगू, या अख्ख्या चित्रपटात मला बरं वाटलं ते तेवढ्याच वेळात. दमले हो वहिनी.

बाकी सगळं उत्तम चाललंय, काळजी नसावी.

तुमची नणंद

ता. क. : विषय निघालाच आहे म्हणून विचारते. मी मालिका सोडली तेव्हा तुम्ही मला दरीत ढकललंत, पण प्रेत दाखवलं नाहीत. मला वर काढता येईल का? स्मृती गेलेली चालेल. कोमात असले तर उत्तमच, पायांना आराम मिळेल. दादाला मात्र यातलं काही सांगू नका, तो जन्मभर ऐकवेल.

आणखी एक ता. क. : पाकीट चिकटवणार तोच दिग्दर्शक आला. शेवटच्या दृश्यात लांबच्या गच्चीवर वाळत घातलेले कपडे काढणारी एक बाई हवी आहे, पाठमोरी. कुणी मिळेल का म्हणून विचारत होता. त्याचं वाक्य पुरं व्हायच्या आत मी हो म्हणाले. तेव्हा वहिनी, दरीतून काढायची घाई करू नका. शुक्रवारी माझं शूटिंग आहे.