उजवं आवळ, खडी हाय

मी, इंद्रजित भैरू जांभूळकर, वय बासष्ट, मूळ गाव मारुंजी, हल्ली राहणार मुळशी धरणाकाठी, धंदा सिनेमात काम करणे व शर्यतीत मोटार पळवणे (दोन्ही आता बंद), हे मृत्युपत्र माझ्या हाताने लिहून ठेवतो. हृदय दोनदा दुरुस्त करून घेतले असले तरी डोके ठिकाणावर आहे. डॉ. अपेक्षा यांचा तसा दाखला सोबत जोडला आहे. मला कोणी भरीस घातलेले नाही.

कलम १. धरणाकाठचे राहते घर पत्नी सौ. गौतमी हिला मिळावे. दिवाणखान्यातली माझ्या चित्रपटांची पोस्टरे काढून टाकण्यास ती पूर्ण मुखत्यार आहे. तिला ती कधीच आवडली नव्हती, मलाही हल्ली बघवत नाहीत.

कलम २. मारुंजीच्या भाड्याच्या बारा खोल्या मुलगा निरंजन यास मिळाव्यात. हिंजवडीत नोकरी करणारी मुले तिथे राहतात. त्यांना पाण्यावरून छळू नये.

कलम ३. माझे धाकटे बंधू दादासाहेब यांनी गावच्या जत्रेत चारचौघांत म्हटले होते, "सिनेमात उडी मारतो डुप्लिकेट. शर्यतीत बी गाडी तोच चालवत आसंल." ते माझ्या फार जिव्हारी लागले. त्या दिवसापासून शर्यत म्हणजे मला अब्रूचा प्रश्न झाला आणि पुढे कलम ५ मध्ये लिहिले आहे ते त्यातूनच घडले. दोष मात्र त्यांचा नाही, माझा आहे. माझ्या सगळ्या ढाली व करंडक दादासाहेबांना द्यावेत. त्यांनी ते स्वतःच्या हाताने पुसावेत, एवढा सूड मला पुरे.

कलम ४. शर्यतीची जिप्सी गाडी, पान्यांची पेटी, दोन हेल्मेट आणि स्टॉपवॉच हे सर्व कु. उत्कर्षा सोमनाथ मरगळे हिला मिळावे. तिच्या वडिलांना देऊ केले होते. ते म्हणाले, "मला काय बी नको तुमचं."

कलम ५. हे कलम लिहायला मला सतरा वर्षे लागली.

सोमनाथ गेणू मरगळे हा माझा नॅव्हिगेटर. रॅलीत चालकाला पुढचे वळण दिसत नाही, शेजारी बसलेला वहीतून वाचून सांगतो आणि त्याच्या शब्दावर गाडी फेकायची असते. सोमनाथ मेंढरांमागे हिंडलेला, डोंगराचा उतार त्याला पायांनी कळे. आमची वही आमच्याच बोलीत असे. "उजवं मोकळं" म्हणजे वेग ठेवा. "उजवं आवळ" म्हणजे वळण पुढे अरुंद होते किंवा घसरण आहे, वेग तोडा.

सन २००८ च्या पावसाळ्यात लवासाच्या वरच्या अंगाला शर्यत होती. मी नट माणूस. संवाद पाठ करून कॅमेऱ्यासमोर जायची सवय. ती वही मी आदल्या दिवशी संवादासारखी पाठ केली आणि मनात फुशारलो. सकाळी एका डंपरमधून वळणावर खडी सांडली. सोमनाथ चालत जाऊन बघून आला आणि त्याने वहीत लाल शाईने बदल केला. शर्यतीत तो ओरडला, "उजवं आवळ, खडी हाय! आवळ!" मी त्याचे ऐकलेच नाही. मला पाठ होते ते "उजवं मोकळं". गाडी दरडीवरून खाली गेली. माझ्या कपाळाला चार टाके पडले. सोमनाथचा डावा पाय गुडघ्याखाली कापावा लागला.

चौकशीत मी सांगितले की नॅव्हिगेटरने चुकीचे वाचले. गाडीतला कॅमेरा फुटला, असेही सांगितले. सोमनाथ खाटेवरून एवढेच म्हणाला, "म्या बरोबर वाचलं." नटाच्या शब्दापुढे त्याचे कोणी धरले नाही. वर्तमानपत्रांनी त्याचे नाव छापले. पुन्हा त्याला कोणी शेजारी बसवले नाही. आज मारुंजीत तो कंपनीच्या गाड्यांचे पंक्चर काढतो. उत्कर्षा वही वाचण्यात बापासारखीच तयार आहे, पण चालक म्हणतात, मरगळ्याची पोर, नको रे बाबा.

कॅमेरा फुटला नव्हता, सोमनाथचे ओरडणे त्याच्या टेपवर स्पष्ट ऐकू येते. टेप लाल हेल्मेटच्या डब्यात, अस्तराखाली आहे. माझ्या मृत्यूनंतर निरंजनने ती शर्यतीच्या मंडळाला व वर्तमानपत्रांना द्यावी. सोमनाथ, मी तुझा गुन्हेगार आहे.

कलम ६. वरील पाच कलमे लिहून झाल्यावर आज सकाळी मी सोमनाथच्या दुकानात गेलो आणि साक्षीदार म्हणून सही मागितली. तो म्हणाला, "वाचल्याबिगर सही न्हाई करत मी." त्याने टायरवर बसून पहिल्या ओळीपासून मोठ्याने वाचले, पूर्वी वही वाचत असे तसे, न अडखळता. पाचवे कलम संपल्यावर त्याने कागद मांडीवर ठेवला. मग म्हणाला, "तुमी मेल्यावर? पोरीची नॅव्हिगेटर म्हणून निवड येत्या रविवारी हाय. तुमी कवा मरायचं?"

मी म्हटले, घरच्यांना तोंड कसे दाखवू? तो म्हणाला, "मी सतरा वर्सं दावतोय की."

म्हणून कलम ५ मधील "माझ्या मृत्यूनंतर निरंजनने" हे शब्द मी सोमनाथसमोर खोडले आहेत व त्या जागी "आज मी स्वतः" असे लिहून समासात सही केली आहे. हेल्मेटचा डबा घरून मागवून टेप खिशात घेतली आहे. येथून उठून मी थेट मंडळाच्या कचेरीत जातो आहे. उत्कर्षा सोबत येते आहे, गाडी ती चालवील.

हे मृत्युपत्र सोमनाथने वाचून दाखवले. मी शेवटपर्यंत ऐकले, ते बरोबर आहे, म्हणून सही केली.

ठिकाण : मारुंजी, ता. मुळशी, जि. पुणे
दिनांक : १४ ऑगस्ट २०२५

(सही) इंद्रजित भैरू जांभूळकर

साक्षीदार :
१. (सही) डॉ. अपेक्षा, मुळशी
२. (सही) सोमनाथ गेणू मरगळे, मारुंजी. वाचलं. बरोबर हाय.