माउसमधल्या तीन जागा

३ नोव्हेंबर २०२५, सोमवार. देवरी.

आली बाप्पा एकदाची! तिरोड्याहून गोंदिया, गोंदियाहून आमगाव, आमगावहून देवरी. तीन गाड्या झाल्या, आणि सगळा वेळ मांडीवर माझी हाताने फिरवायची शिलाई मशीन. कंडक्टर म्हणे, ताई, हे मागे लगेजमध्ये टाका. मी म्हटलं, तुमचं तिकिटाचं यंत्र टाका आधी, मग मी हे टाकते. अख्खी गाडी हसली, तोही हसला.

खोली बसस्टँडच्या मागे मिळाली, नंदाबाईंकडे. बाई एकट्या राहतात, अंगणवाडीत मदतनीस होत्या. आल्या आल्या मशीन पाहून म्हणाल्या की माह्ये दोन झंपर शिवून देजो, मंग भाड्याचं बोलू. पटलं आपलं बाईशी.

ऑफिस हायवेवर, टायरच्या दुकानाच्या वर. मालक टेकचंदभाऊ. काम म्हणजे शाळांची जुनी दाखल-खारीज रजिस्टरं. कोणतं लेकरू कधी शाळेत आलं, कधी नाव कमी झालं, पन्नास-साठ वर्षांपासूनचं सगळं. त्याचे फोटो आधीच काढलेले आहेत. मी एकेक पान सरळ करायचं, कडा कापायच्या, नंबर टाकून सेव्ह करायचं. दिवसाला सहाशे पानं. खुर्ची आहे, पंखा आहे. छत्तीस वर्षांत पहिल्यांदा कोणी मला मॅडम म्हटलं.

माउस मात्र भारी! गेमिंग माउस आहे म्हणे. बाजूला बटणं, पोटातून लाल-निळा उजेड. भाऊ म्हणाले, मॅडम, टेन्शन नहीं लेने का, हा माउसच काम करते, तुम्ही फक्त बसा. खाली लीलाधरभाऊंचं चहाचं दुकान आहे. त्यांनी चहा वर पाठवला आणि पैसे घेतले नाहीत. भला माणूस दिसतो.

४ नोव्हेंबर, मंगळवार

माउसच्या स्वतःच्या पोटात मेमरी असते हे आज कळलं. कॉम्प्युटर बदला, माउस दुसरीकडे लावा, त्यात भरलेलं त्यातच राहतं. जागा तीन. पहिली डिफॉल्ट, ती कंपनीची, निघत नाही. दुसरी ‘लीलाधर’, तिसरी ‘रुचिका’. लीलाधर म्हणजे खालचे चहावालेच, आधी इथे ऑपरेटर होते. रुचिका माझ्या आधीची. त्यांनी जसा माउस फिरवला तसा तो रेकॉर्ड करून ठेवला आहे. प्रोफाइल लावलं, बटण दाबलं की बाण आपोआप तसाच फिरतो. लीलाधरचं प्रोफाइल पान सरळ करतं, रुचिकाचं कडा कापतं.

भाऊ म्हणाले की तुमचं प्रोफाइल बनवायला एक जागा खाली करा, कोणतंही काढा. आता सकाळपासून ऐकून राहिली होती, रुचिका मॅडम असं करत, रुचिका मॅडम जेवायलाही उठत नसत. एवढी शहाणी होती तर गेली काऊन? तिच्याच नावावर गेली, बाजूच्या तीन टिंबांवर दाबलं, ‘काढून टाका’ निवडलं. पाटी आली: हे प्रोफाइल कायमचे काढायचे का? होय. एका सेकंदात जागा मोकळी. खरं सांगू, बरं वाटलं.

तिथे ‘नूतन’ टाइप केलं आणि रेकॉर्डिंग सुरू केलं. भाऊंनी सांगितलं आहे, दोन आठवडे बंद करायचं नाही.

७ नोव्हेंबर, शुक्रवार

लीलाधरभाऊ स्वतः चहा घेऊन वर आले. दारातूनच विचारलं की तिसऱ्या जागेवर कोणाचं काढलं? मी म्हटलं, रुचिकाचं. त्यांनी कप टेबलावर ठेवला. मग म्हणाले, माह्यं राहू देजा बाई, मी रोज चहा देत जाईन. मला हसू आलं. एवढं काय जुन्या क्लिकांचं प्रेम! पण म्हटलं, देते राहू, अद्रक जास्त टाका.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार

आज दुपारी जेवायला खोलीवर आली होती. टेकचंदभाऊंनी माझं प्रोफाइल पहिल्यांदा चालवून पाहतो म्हणून सांगितलं होतं. ताटावर बसली आणि उजवा हात भातावरून खाली गेला, उजवीकडे सरकला, बोट टेकलं. परत खाली, उजवीकडे, टेकलं. मी घास घेऊन राहिली आणि हात कडा कापून राहिला! नंदाबाई म्हणाल्या, अवो, भातावर कायले रेघा मारून राहिली? दोघी हसलो. सवय लागली असेल.

परत गेली तर नव्वद पानं झालेली. भाऊ खूश.

१७ नोव्हेंबर, सोमवार

कात्री चालत नाही. परवा शनिवारी नंदाबाईंचं झंपर बेतायला घेतलं, संध्याकाळी सात वाजता. अंगठा आणि बोटं कात्रीत घातली, पण मिटतच नाहीत. मुंग्या नाहीत, दुखत नाही. हात आहे, पण जसा शेजारणीचा मांडीवर ठेवलेला असावा. डाव्या हाताने दाबून पाहिला, चिमटा घेतला. काही कळत नाही.

आज सकाळी दहाला ऑफिसात कॉम्प्युटर सुरू झाला तशी बोटांत जान आली. दहाला, बरोब्बर. शनिवारी संध्याकाळी सहाला बंद केला तशीच गेली होती. म्हणून रोजनिशी आता ऑफिसच्या वेळातच लिहून राहिली आहे, लीलाधरचं प्रोफाइल चालू असतं तेव्हा. माझं चालू असलं तर हात माझा नसतो.

रेकॉर्डिंग बंद केलं आज. फरक पडला नाही.

२३ नोव्हेंबर, रविवार

हे डाव्या हाताने लिहिते आहे, वेडंवाकडं.

ऑफिसच्या हजेरी रजिस्टरमधून रुचिकाचा पत्ता काढला आणि कामठ्याला गेली. धानाची कापणी चाललेली, सगळे शेतात, ती एकटी घरी. पंचविशीची असेल. मला वाटलं होतं तोऱ्यात असेल. उजवा हात ओढणीने गळ्यात बांधलेला.

तिने सांगितलं की नोकरी सुटली तरी हात थोडा चालायचा. दिवसा. दहा ते सहा. तेवढ्या वेळात ती वेणी घालायची, कपडे पिळायची. चार तारखेपासून तेही गेलं, दुपारी पीठ मळता मळता. डॉक्टर म्हणे, नस दबली आहे. तिने मला तारीख सांगितली आणि माझ्याकडे पाहत राहिली.

मी सांगितलं नाही. मी, नूतन, कंडक्टरला भर गाडीत बोलणारी, मला तोंड उघडवलं नाही. पाणी प्यायली आणि उठली. तिने डाव्या हाताने दार लावलं. थू माझ्यावर.

२४ नोव्हेंबर, सोमवार

टेकचंदभाऊंना सगळं सांगितलं. ते घाबरले असते, हसले असते, तर बरं वाटलं असतं. त्यांना माहीतच आहे! म्हणाले, मॅडम, काम किया तो हाथ घिसता ही है. रुचिकाचं, लीलाधरचं पण असंच झालं. मी म्हटलं, मी माझ्या पगारातून नवा माउस आणून देते, हा मला द्या. तर म्हणे, नव्या माउसमध्ये काही नाही ना मॅडम. तुमच्या हाताची सफाई याच्यात आहे.

हात माझा. त्याची सफाई त्यांची. आणि पानं सहाशेची नऊशे झाली.

सॉफ्टवेअरमध्ये सगळं शोधलं. प्रोफाइल बनवा आहे, नाव बदला आहे, काढून टाका आहे. परत द्या, असं कुठे नाही.

२६ नोव्हेंबर, बुधवार

काल सहाला माउस काढून पिशवीत टाकला आणि घेऊन आली. म्हटलं, जिथे मी तिथे तो. पण आज दहा वाजले, अकरा वाजले, हातात जान नाही. नुसता माउस जवळ असून भागत नाही, तो लागलेला पाहिजे, आणि माझ्याकडे कॉम्प्युटर कुठला!

साडेअकराला लीलाधरभाऊ दारात. सदऱ्यावर दूध सांडलेलं, उजव्या पंजावर भाजल्याचे फोड. दहाला हातात जान आली नाही म्हणून दुधाचं भगोणं डाव्याच हाताने उतरवू गेले, ते उजव्यावर कलंडलं. त्यांना ते फोड दुखतही नव्हते. दाखवून म्हणाले, बाई, माह्या दोन लेकी आहेत, दुकान याच हातावर आहे, तो माउस लावून दे. दुकान ऑफिसच्या खाली काऊन टाकलं ते मला तेव्हा कळलं. वर लाइट आहे का, कॉम्प्युटर सुरू आहे का, पाच वर्षं हेच पाहत बसला आहे तो माणूस. आणि मी अद्रक मागून राहिली होती.

मीच नेऊन लावला. दोघांचे हात एकदम हलले. टेकचंदभाऊ एवढंच म्हणाले की ऑफिसचं सामान घरी न्यायचं नाही.

१ डिसेंबर, सोमवार

नवी ऑपरेटर आली. खुशबू. बावीस वर्षांची, हसरी. मला ताई म्हणते.

भाऊंनी मला उद्यापासून येऊ नका सांगितलं. हात संथ झाला म्हणे. संथ कोणी केला?

खुशबूला म्हटलं, हा माउस घेऊ नको, साधा माग. तिने भाऊंना विचारलं. भाऊंनी मला खाली पाठवलं आणि सांगितलं की परत वर पाय ठेवायचा नाही. पोरगी मला वाचवणार नाही, मी तिला वाचवू शकत नाही.

२ डिसेंबर

खोलीवरच. दहा वाजता जान आली. मशीनचं हँडल फिरवलं. अर्धी बाही शिवली. मग माझं प्रोफाइल चालू झालं, हात कापडावर नुसताच खाली, उजवीकडे, टेक. खाली, उजवीकडे, टेक. बसून पाहिलं. दुसरं काय करणार.

तरी आहे. अर्धी बाही तरी आहे.

३ डिसेंबर

लीलाधरभाऊंनी खुशबूला चहा सुरू केला आहे, नंदाबाई सांगून राहिल्या होत्या. बिस्किटं पण देतात.

माझ्याजवळ काय आहे द्यायला? तिच्यासाठी एक ब्लाउज बेतला. मापाशिवाय, अंदाजाने. पुरा होत नाही —

किती नीच झाली मी. ब्लाउजाची लाच.

४ डिसेंबर

सव्वाअकरा. खुशबूचा फोन आला. ताई, भाऊ म्हणाले माझं प्रोफाइल बनव, पण जागा नाही. दोनच नावं आहेत. कोणतं काढू?

तेवढ्याच सहज. जेवढ्या सहज मी रुचिकाचं काढलं. मी तर विचारलंही नव्हतं.

मी म्हटलं, कोणतंच नको, भाऊंना सांग मला प्रोफाइल नको. ती म्हणाली, ताई, नोकरी जाईल ना.

मग मी सांगितलं. लीलाधरचं काढ.

सांगितलं. जुनं आहे म्हटलं. दोन लेकी, फोड, सगळं डोळ्यासमोर होतं आणि तरी म्हटलं, लीलाधरचं काढ. ती म्हणाली, थँक्यू ताई.

अकरा वीस. हात माझा आहे. अक्षर नीट येऊन राहिलं. नख टोचलं तर दुखतं. दुखतं, देवा, किती बरं —

खाली तो दूध ओतत असेल.

अकरा पंचवीस. मेसेज आला खुशबूचा. ताई लीलाधर आत्ता चालू आहे म्हणून निघत नाही, चालू असलेलं काढता येत नाही असं येतं. भाऊंना घाई आहे, म्हणाले दुसरं काढ. काढते. सॉरी हां.

नाही नाही नाही

फोन लावला. उचलत नाही. परत लावला. रिंग जाऊन राहिली. उचल गं बाई. उचलल्या उचलल्या एवढंच सांगायचं, चुकायला नको, लिहून ठेवते — आधी डिफॉल्ट लाव, म्हणजे चालू राहणार नाही, मग निघतं, मग लीलाधरचं का