लडाखची गाडी

बडनेरा,
११ मे २०२५

चि. अपेक्षास ताईचे अनेक आशीर्वाद.

अकोल्याचं ऊन काय म्हणतं? शाळेला सुट्ट्या लागल्या, म्हणजे तुम्हा शिक्षिकांना आता वेळच वेळ. इकडे तुझ्या भाऊजींची गाडी अखेर तयार झाली. लिलावातून आणलेल्या लष्करी ट्रकचं असं फिरतं घर होईल, असं वाटलं नव्हतं. मागची राहायची केबिन तीनच ठिकाणी टेकवलीय. दगडधोंड्यांत खालची चासी पिळवटली तरी वर धक्का लागत नाही. भिंतींत जाड फोम, आत गारवा राहतो.

जानेवारीत काम करताना जॅक सरकला आणि ते या गाडीखालीच सापडले. कमरेखालचं अंग गेलं ते गेलंच. दवाखान्यात तू एकदा आलीस आणि दारातूनच रडत परत गेलीस. मला तुझी दया आली होती.

"आपण दोघं लडाखले जाऊ," म्हणायचे. पण गाडी पुरी होईपर्यंत मला आत पाऊल टाकू दिलं नाही. उरलेलं काम करून घ्यायला गेल्या महिन्यात मी पहिल्यांदा चढले. कपाट कपाळावर आपटलं. ओटा मांडीला लागला. पलंगावर आडवी झाले तर पाय बाहेर. तुला ठाऊक आहे, अशा गाड्या बांधताना ते ज्याची गाडी त्यालाच उभं करून प्लायवर खडूने खुणा करायचे. त्यांच्या हाताखालच्या सागर मिस्त्रीला विचारलं, मापाला कोण उभं होतं?

"वहिनी, मले काहून विचारता? दिवाळीत अपेक्षाताई आल्या होत्या ना," म्हणाला, आणि हत्यारं आवरायला लागला.

आपल्या घरात ठेंगणी तू एकटीच. मी रडले नाही. ओटा उंच केला नाही. पलंगाला फक्त पट्टे लावले आणि खाली भांड्याची सोय केली. रात्रीही त्यांची कूस बदलत जा, नाहीतर पाठीला जखमा होतात, आणि त्या जखमांचा वास जात नाही.

हे पत्र गाडी घेऊन येणारा सागरच देईल. किल्लीही देईल आणि रेल्वेने परत येईल. कॉलनीत काय सांगायचं ते तू ठरव. मला फोन करू नकोस.

आज त्यांची दाढी केली, नवा शर्ट घातला. विचारत होते, "कुठं नेऊन राहिली वं मले?"

मी म्हटलं, लडाखला.

ढसाढसा रडले. म्हणाले, "मले वाटलं, तू मले टाकून देशीन."

लडाखला चाललोय असं समजून ते आत पडलेत. मागचं दार तू उघड. तुला पाहिल्यावर त्यांना कळेल.

तुझी आजपर्यंतची ताई,
प्राजक्ता